आइसलँडची स्ट्रायकर आणि आपल्या मुलीची अकरावी

सप्रेम नमस्कार.

कोल्हापूरहून आलेले आपले पत्र मिळाले. आपली मुलगी दहावीत आहे, शालेय फुटबॉलमध्ये आघाडीला खेळते आणि आइसलँडच्या मार्ग्रेत लाउरा विदार्सदोत्तिर या स्ट्रायकरविषयी वाचल्यापासून तिने युरोपात खेळण्याचा ध्यास घेतला आहे. सतरा नंबरचा फॉर्म भरून बारावी बाहेरून देईन, दिवसभर सराव करीन, असे ती म्हणते. तिने विज्ञान शाखा घ्यावी, नीटचा क्लास लावावा आणि दोन वर्षे मैदान पूर्ण बंद ठेवावे, असे आपले मत आहे. दोघांपैकी कोणाचे ऐकावे, असे आपण विचारले आहे. जिचे उदाहरण मुलीने आपल्यापुढे ठेवले, तिचीच कारकीर्द मी आधी सविस्तर मांडतो, कारण आपल्या प्रश्नाचे बरेचसे उत्तर तिच्यातच आहे आणि ते आपल्या दोघांच्याही आजच्या भूमिकेपेक्षा वेगळे आहे.

मार्ग्रेत लाउरा यांचा जन्म १९८६ चा. आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्यासमोर वेस्टमन्नायार नावाची बेटे आहेत आणि त्यांतल्या हेइमाए या एकाच बेटावर चार हजारांच्या आसपास लोक राहतात. १९७३ मध्ये तिथे ज्वालामुखीचा उद्रेक झाला, तेव्हा सारी वस्ती रातोरात बोटींनी मुख्य भूमीवर हलवावी लागली होती. मासेमारीवर जगणाऱ्या त्या गावाच्या ईबीव्ही या क्लबमध्ये त्या खेळायला लागल्या. आपल्या मुलीने हा भाग नीट वाचावा, अशी माझी इच्छा आहे. अवघ्या चार लाखांहून कमी लोकसंख्येच्या त्या देशात मुली आणि मुले एकाच क्लबमध्ये वाढतात, लहान मुलांनाही रीतसर परवाना घेतलेले प्रशिक्षक शिकवतात, आणि मुले शाळा सांभाळूनच खेळतात. खेळण्यासाठी शाळा सोडावी लागते, ही कल्पनाच त्या रचनेत बसत नाही.

जून २००३ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षी, हंगेरीविरुद्धच्या सामन्यात बदली खेळाडू म्हणून त्या देशाच्या संघात पहिल्यांदा उतरल्या आणि काही मिनिटांतच त्यांनी गोल केला. हे वाचून आपली मुलगी म्हणेल की मीही जवळपास त्याच वयाची आहे. तिला पुढचा क्रमही सांगावा. राष्ट्रीय संघात आल्यानंतरही त्या बेटावरच्या क्लबकडूनच खेळत राहिल्या, २००५ मध्ये राजधानी रेक्याविकमधल्या वालुर या मोठ्या क्लबमध्ये गेल्या आणि परदेशाची पहिली संधी त्यांनी त्यानंतर घेतली, तेव्हा त्यांनी विशी गाठलेली होती. ती संधी होती जर्मनीतल्या ड्यूसबुर्ग क्लबची, आणि तिथे त्या फार काळ राहिल्या नाहीत, थोड्याच महिन्यांत मायदेशी परतल्या. आपल्याकडे अशा परतण्याला लगेच अपयशाचा शिक्का बसतो आणि घरच्यांनाही तोंड लपवावेसे वाटते. त्यांच्या बाबतीत २००७ च्या त्याच हंगामात वालुरकडून लीगच्या १६ सामन्यांत ३८ गोल झाले आणि त्या वर्षीचा आइसलँडचा सर्वोत्तम क्रीडापटूचा मान, जो पुरुष आणि महिला यांच्यात मिळून एकालाच दिला जातो, त्यांना मिळाला. हा प्रसंग मी मुद्दाम विस्ताराने सांगतो आहे, कारण मुलगी उद्या पुण्याच्या किंवा केरळच्या एखाद्या क्लबमध्ये जाऊन चार महिन्यांत परत आली, तर घरात तिचे स्वागत कसे होते यावर तिचा पुढचा हंगाम अवलंबून असेल.

त्यानंतरचा भाग थोडक्यात. २००८ च्या शरद ऋतूत आयर्लंडला हरवून आइसलँडचा महिला संघ २००९ च्या युरो, म्हणजे युरोपीय देशांच्या अजिंक्यपद, स्पर्धेसाठी पात्र ठरला. त्या देशाच्या कोणत्याही वरिष्ठ फुटबॉल संघाला मोठी स्पर्धा पहिल्यांदा मिळाली ती महिलांमुळे, पुरुषांची पाळी २०१६ मध्ये आली. मार्ग्रेत लाउरा पुढे स्वीडनमध्ये लिनशॉपिंग आणि क्रिस्तियानस्टाड, जर्मनीत टुर्बिने पोट्सडाम आणि पुन्हा क्रिस्तियानस्टाड असा प्रवास करीत राहिल्या. २०१३ च्या युरोत नॉर्वेविरुद्ध अखेरच्या मिनिटांत त्यांनी पेनल्टीवर साधलेल्या बरोबरीमुळे आइसलँडला या स्पर्धेतला पहिला गुण मिळाला आणि संघ उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेला. एकूण १२४ आंतरराष्ट्रीय सामने आणि ७९ गोल. आइसलँडकडून पुरुष वा महिला, कोणीही इतके गोल केलेले नाहीत.

या आकड्यांच्या आड जे घडत होते, ते आपल्याला अधिक उपयोगी आहे. मांडीच्या स्नायूंच्या दुखापतीने त्यांना अनेक वर्षे छळले. २०१४ मध्ये मूल झाले आणि त्यानंतर त्या पुन्हा मैदानात आल्या. २०१७ मध्ये गुडघ्याचा मुख्य अस्थिबंध, ज्याला खेळाडू एसीएल म्हणतात, तुटला आणि त्या वर्षीची युरो स्पर्धा हुकली. तरीही २०१९ मध्ये त्यांनी वालुरबरोबर लीग जिंकली, लॅटव्हियाविरुद्धच्या शेवटच्या आंतरराष्ट्रीय सामन्यात गोल केला आणि वयाच्या ३३ व्या वर्षी निवृत्ती घेतली. या सगळ्या काळात त्यांचे मानसशास्त्राचे शिक्षण चालू होते आणि आज त्या मानसशास्त्रज्ञ म्हणून काम करतात. त्यांची धाकटी बहीण एलिसा हीसुद्धा वालुर आणि राष्ट्रीय संघाकडून खेळली आणि तिचा अभ्यासाचा विषय आहे आहार व पोषण. त्याच बेटावरचे हेइमिर हॉलग्रिमसन हे आइसलँडच्या पुरुष संघाचे प्रशिक्षक होते आणि व्यवसायाने दंतवैद्य होते. तेव्हा आपल्या मुलीने जिला आदर्श मानले आहे, तिने अभ्यास सोडला नव्हता, आणि तिच्या घरच्यांनी मैदान बंद केले नव्हते. ही दोन्ही वाक्ये आपण दोघांनी एकत्र बसून वाचावे.

याला एक कठोर आर्थिक कारणही आहे. महिला फुटबॉलमध्ये मोठे पैसे मोजक्या क्लबांत, मोजक्या खेळाडूंना मिळतात, आणि आइसलँडच्या देशांतर्गत लीगमधल्या बहुसंख्य खेळाडूंना नोकरी किंवा शिक्षण बरोबर ठेवावेच लागते. युरोपातल्या मोठ्या क्लबांतही सगळे सुरक्षित असते असे नाही. आइसलँडचीच सारा ब्यॉर्क गुन्नार्सदोत्तिर ही मधल्या फळीतली खेळाडू गरोदर असताना फ्रान्समधल्या तिच्या ल्यों क्लबने तिचा पूर्ण पगार दिला नाही. तिने फिफाकडे, म्हणजे जागतिक फुटबॉल महासंघाकडे, दाद मागितली, निकाल तिच्या बाजूने लागला आणि क्लबला ८० हजारांहून अधिक युरो देणे भाग पडले. २०२१ पासून फिफाच्या नियमांत किमान १४ आठवड्यांची पगारी मातृत्व रजा आहे म्हणून हे शक्य झाले. करार वाचता येणे आणि आपला हक्क माहीत असणे हीसुद्धा खेळाडूची तयारीच आहे, आणि ती शिक्षणातूनच येते.

आता परदेशाबद्दल. फिफाच्या नियमानुसार, काही ठरावीक अपवाद सोडले, तर १८ वर्षे पूर्ण होण्याआधी खेळाडूची दुसऱ्या देशातल्या क्लबमध्ये बदली होत नाही. म्हणजे पुढची दोन-अडीच वर्षे ती भारतातच खेळणार आहे आणि या काळात 'युरोपात ट्रायल लावून देतो, आधी इतके पैसे भरा' असे सांगत कोणी आले, तर त्याला दारातूनच परत पाठवावे. आपल्या देशातून ज्या गेल्या, त्या देशातल्या स्पर्धा गाजवून गेल्या. मणिपूरच्या बाला देवी २०२० मध्ये स्कॉटलंडच्या रेंजर्सकडे गेल्या तेव्हा तिशीला टेकल्या होत्या आणि मणिपूर पोलिसांतली नोकरी त्यांच्या पाठीशी होती. पंजाबच्या मनीषा कल्याण गोकुळम केरळ या क्लबकडून खेळल्या, मग २०२२ मध्ये सायप्रसच्या अपोलॉन क्लबमध्ये जाऊन युरोपातल्या महिला चॅम्पियन्स लीगमध्ये उतरणाऱ्या पहिल्या भारतीय ठरल्या.

यावरून माझा सल्ला असा आहे. सतरा नंबरचा फॉर्म भरू नये. रोज वर्गात बसणारी, मित्रमैत्रिणींत वावरणारी मुलगी दुखापतीच्या काळात अधिक लवकर सावरते, असे मी वर्षानुवर्षे पाहतो आहे, शिवाय शालेय स्पर्धांसाठी ती नियमित विद्यार्थिनी असणे गरजेचे आहे. त्याचबरोबर मैदानही बंद करू नये. सोळा ते अठरा ही स्ट्रायकरच्या घडणीची वर्षे असतात आणि गोलसमोरची चपळाई दोन वर्षे बाजूला ठेवून नंतर पुन्हा उचलता येत नाही. शाखा कोणती, याचा निर्णय तिच्या मनातल्या दुसऱ्या कामावर सोपवावा. फिजिओथेरपीकडे ओढ असेल तर जीवशास्त्रासह विज्ञान घ्यावे लागेल, कारण महाराष्ट्रात त्या पदवीचा प्रवेश नीटमधून होतो, आणि तसे असेल तर नीटची तयारी दोन वर्षांऐवजी तीन वर्षांत पसरवण्यास आपण मनाने तयार असावे. मानसशास्त्र किंवा प्रशिक्षकाचे काम आवडत असेल तर कला शाखा पुरेशी आहे आणि सरावाला वेळही अधिक राहतो. तिला डॉक्टर व्हायचेच नसेल, आणि आपल्या पत्रात तसे तिने कुठे म्हटल्याचे दिसत नाही, तर केवळ शेजारपाजारच्या रीतीने नीटचा क्लास लावणे मला योग्य वाटत नाही.

जिल्ह्यापासून पुढच्या प्रत्येक स्पर्धेचे प्रमाणपत्र जपून ठेवावे. दहावी-बारावीचे सवलतीचे गुण आणि पुढे शासकीय नोकरीतले खेळाडूंचे पाच टक्के आरक्षण यांसाठी ती लागतात, मात्र कोणत्या स्तरावरची कामगिरी कशासाठी धरली जाते हे जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात स्वतः जाऊन विचारून घ्यावे.

एक काम मात्र दहावीच्या निकालाची वाट न पाहता याच आठवड्यात करावे. गुडघ्याचा तोच अस्थिबंध, म्हणजे एसीएल, तुटण्याचे प्रमाण मुलींत मुलांपेक्षा बरेच जास्त असते, आणि फिफाने तयार केलेला 'इलेव्हन प्लस' हा वीस मिनिटांचा वॉर्मअप नियमित केल्यास दुखापती कमी होतात, हे अभ्यासांतून दिसून आले आहे. त्यासाठी चेंडू आणि मोकळी जागा यापलीकडे काही लागत नाही. तिचे प्रशिक्षक तो करून घेतात का, हे आपण मैदानावर जाऊन विचारावे, आणि घेत नसतील तर आठवड्यातून किमान दोनदा तो सुरू करण्याची विनंती संघातल्या इतर मुलींच्या पालकांनाही बरोबर घेऊन करावी.

आपला,
करिअर मार्गदर्शक