आरतीचं यंत्र, घंटा आणि नाद : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : आमच्या मारुती मंदिरात नगारा, घंटा आणि झांज वाजवणारं मोटरचं यंत्र आहे. ते इतक्या घाईनं वाजतं की आरती म्हणणाऱ्यांना दम लागतो. पंख्याचा रेग्युलेटर लावून पाहिला, तर मोटर गुणगुणते आणि तापते. — एक विश्वस्त, यावल तालुका

रेग्युलेटर आजच काढा. या यंत्रांत बहुतेक सिंगल फेज इंडक्शन मोटर असते. तिचा वेग विजेच्या 50 हर्ट्झवर ठरतो, व्होल्टेजवर फारसा नाही. व्होल्टेज उतरवलं की ताकद जाते, करंट वाढतो आणि वाइंडिंग जळतं. वेग कमी करायचा तो पुलीवर.

मोटरच्या पाटीवर बहुधा मिनिटाला 1440 फेरे लिहिलेले असतील. सामुदायिक आरतीला मिनिटाला 96 च्या आसपास ठोके आमच्या मते पुरेत. 1440 भागिले 96, म्हणजे 15 पट घट. ती एकाच टप्प्यात करायची तर 2 इंची पुलीसमोर 30 इंची चाक लागेल. ते चौकटीत मावणार नाही आणि लहान पुलीवर पट्ट्याची पकड कमी पडून तो घसरेल. म्हणून दोन टप्पे करा : 2 वरून 8 इंच, मग 2 वरून साडेसात इंच. चार गुणिले पावणेचार, बरोबर पंधरा. मापं पट्टा बसतो त्या जागेची धरा, पुलीच्या बाहेरच्या कडेची नव्हे. जागा कमी असेल तर 15 ला 1 चा वर्म गिअरबॉक्स (वेग एकाच डब्यात घटवणारी दातेरी चाकांची जोडी) घ्या. महाग पडतो, पण पट्ट्यांची कटकट निम्मी होते.

त्याआधी कॅम, म्हणजे ठोके पाडणारं उंचवट्याचं चाक, पाहा. त्याला दोन उंचवटे असतील तर एका फेऱ्यात दोन ठोके पडतात, म्हणजे घट 30 पट हवी. हे न मोजता पुल्या आणल्या तर आरती पुन्हा दुप्पट वेगानं धावेल.

मोटर नुसती गुणगुणते, पण हातानं धक्का दिला की फिरते, असं होत असेल तर कॅपॅसिटर गेला आहे. तो प्लग काढून, तेवढ्याच मायक्रोफॅरडचा, वायरमनकडून बदलून घ्या. धक्का देऊन रोज चालवण्याची सवय लावू नका, बोटं पट्ट्यात जातात.

प्रश्न : नगाऱ्याचा आवाज बद्द येतो आणि उन्हाळ्यात कातडं फाटतं. घंटाही खणखणत नाही. — भजनी मंडळ, अमळनेर तालुका

दोन्हींचं कारण एकच : टोला, म्हणजे यंत्राचा ठोकणारा दांडा, मारून बाजूला होत नाही. हाताची टिपरी कातड्याला लागते आणि त्याच क्षणी उडते. यंत्राचा टोला मात्र कॅमनं दाबून धरला तर कातड्यावर टेकून राहतो आणि स्वतःच काढलेला आवाज स्वतःच मारतो. प्लग काढा, यंत्र हातानं फिरवा. टोला पूर्ण खाली आला असताना त्याचं टोक कातड्यापासून बोटभर वरच राहिलं पाहिजे. उरलेलं अंतर त्यानं स्वतःच्या झोकानं कापावं आणि स्प्रिंगनं मागं यावं. त्यासाठी दांड्याखाली टायरच्या रबराचा तुकडा अडसर म्हणून ठोका.

घंटेलाही हेच लागू. तिला फक्त खालच्या जाड ओठावर टोला द्या. वर पातळ अंगावर मारलं तर सूर फुटतो, पुढे तडाही जातो. टोल्याचं टोक घंटेपेक्षा मऊ हवं : लाकूड किंवा चामडं.

वैशाखात आपल्याकडे पारा 44-45 ला जातो. कातडं सुकून ताणतं आणि त्यावर यंत्राचा न थकणारा मार पडतो. तेव्हा वादी थोडी सैल करा, नगारा उन्हाच्या झोतातून हलवा. पावसाळ्यात उलट : कातडं सैल पडून खाली बसतं आणि बोटभर अंतराचं दोन बोटं होतं. दर ऋतूत अडसर नव्यानं लावावा लागतो, हे यंत्र विकणारे सांगत नाहीत.

प्रश्न : आरतीनंतर तासभर कानात बारीक शिटी ऐकू येते. हाच अनाहत नाद का? — एक साधक, चोपडा

नाही. मोठ्या आवाजानंतर उरणारी शिटी ही कानाच्या आतल्या नाजूक पेशींना झालेल्या त्रासाची खूण आहे. वारंवार होत असेल तर कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवा. कामाच्या ठिकाणी कानासाठी 85 डेसिबल आठ तास ही मर्यादा धरतात आणि दर 3 डेसिबलला वेळ निम्मा होतो. 100 डेसिबलला जेमतेम पंधरा मिनिटं उरतात. दगडी गाभाऱ्यात आवाज भिंतींवरून परतून आणखी वाढतो. यंत्र सभामंडपाच्या उघड्या बाजूला न्या.

हठयोगप्रदीपिका या योगग्रंथाच्या चौथ्या उपदेशातलं नादानुसंधान, म्हणजे आतल्या अनाहत नादावर लक्ष लावणं, कान बंद करून, स्थिर बसून करायचं आहे. त्यात आधी समुद्र, मेघ, भेरी, मग शंख आणि घंटा, शेवटी किंकिणी, वेणू, वीणा, भ्रमर असा क्रम दिला आहे. मोठा आवाज ऐकू येत असला तरी लक्ष सूक्ष्माकडे न्यायचं, ही त्यातली कळ. यंत्र चालू असताना ते साधणार नाही, कारण पहिला ठोका विरण्याआधी दुसरा येतो. आरती संपली की यंत्र बंद करा, घंटेला हातानं एकच टोला द्या आणि आवाज कुठे संपतो ते ऐका. पुढचा टोला तोवर नको.

प्रश्न : वैशाखातल्या सप्ताहात बासरी पेटीच्या वर चढते. पेटी खरवडून घ्यावी का? — शिरपूर

मुळीच नको. बासरीचा सूर हवेतल्या ध्वनीच्या वेगावर ठरतो. 25 अंशांवरून 42 वर गेलं तर तो जवळपास पाव स्वर चढतो. फुंकरीची हवा आधीच ऊबदार असल्यानं प्रत्यक्षात थोडा कमी. पेटीचे पितळी रीड उष्णतेनं उलट किंचित उतरतात. रीड टोकाकडे खरवडला की सूर चढतो, मुळाकडे खरवडला की उतरतो, पण गेलेलं पितळ परत येत नाही आणि मार्गशीर्षात तीच पेटी चढी लागेल. उन्हाळ्यासाठी थोडी लांब, उतरत्या सुराची बासरी वेगळी ठेवा. तोवर फुंकीचं भोक ओठाकडे जरा वळवून वाजवा, सूर थोडा खाली येतो.