हादरे, तडे आणि तीन स्क्रू

प्रश्न : घरालगत भुयारी रेल्वेचं स्थानक खोदतायत. यंत्र सुरू झालं की कपाटातली भांडी किणकिणतात, आणि आता खिडकीच्या कोपऱ्यातून तिरका तडा गेलाय. हादऱ्यांनी घर पडेल का?

उत्तर : भांडी वाजतात म्हणून घाबरू नका. हादऱ्याचा वेग सेकंदाला 0.3 मिलिमीटरच्या आसपास गेला की घरात बसलेल्याला तो जाणवू लागतो. जर्मनीच्या डीआयएन 4150 मानकात राहत्या घराच्या पायाशी, कमी वारंवारितेच्या अल्पकालीन हादऱ्यांसाठी सेकंदाला 5 मिलिमीटर ही मर्यादा धरली आहे. म्हणजे इजा होण्याच्या कितीतरी आधी आपल्याला कळतं.

काळजी करायची ती जमीन बसण्याची. खड्डा कोरडा ठेवायला भूजल उपसतात. पाणी उतरलं की मातीच्या कणांवरचा भार वाढतो आणि चिकणमाती सावकाश दबते, अगदी खड्ड्यापासून लांबसुद्धा. शिवाय खड्ड्याची आधारभिंत थोडी आत झुकली, की मागची जमीन खाली येते. घराची एक बाजू जास्त बसली, तर भिंत तिरकी ताणली जाऊन खिडकी-दाराच्या कोपऱ्याशी फाटते. तुमचा तडा तसाच दिसतोय. दारं चौकटीला घासतायत का, तेही पाहा.

आता मोजायला लागा. तड्याच्या एका बाजूला दोन आणि दुसऱ्या बाजूला एक, असे तीन छोटे पितळी स्क्रू त्रिकोणात बसवा. ते विटेत घट्ट हवेत. नुसत्या गिलाव्यात बसवले तर गिलावा सुटून आकडे फसवतात. व्हर्नियर कॅलिपरने तिन्ही अंतरं दर आठवड्याला, ठरलेल्या वेळीच घ्या, कारण उन्हाने भिंत फुगते. दोनच स्क्रू लावलेत तर रुंदी कळेल, पण भिंतीची बाजू खाली सरकतेय हे सुटून जाईल. काचपट्टी चिकटवणारे बरेच असतात. ती तडकली की हालचाल झाली एवढंच कळतं, किती आणि कुठे ते नाही.

आकडा सतत वाढत असेल, तडा 5 मिलिमीटरपुढे गेला किंवा दार एकाएकी अडकलं, तर त्याच दिवशी स्ट्रक्चरल इंजिनिअरला बोलवा. कंत्राटदारालाही लेखी कळवा आणि पोच घ्या.

प्रश्न : तडा लगेच भरून रंगवला तर?

उत्तर : नको. सिमेंट ताठ असतं, त्याच्या शेजारीच नवी भेग पडते, आणि भरपाईसाठी लागणारा पुरावाही झाकला जातो. पाऊस आत येत असेल, तर मोजपट्टी शेजारी धरून फोटो काढा आणि लवचिक सीलंट भरा. खोदकाम संपल्यावरही चिकणमाती काही महिने बसू शकते. आकडे स्थिरावल्यावरच गिलावा करा.