सिमेंटिंग पेस्ट: खलबत्ता सोडा, बीव्हरचं धरण गाठा

‘आर्क’ या व्हिडिओ गेममध्ये वस्तू बनवायला सिमेंटिंग पेस्ट लागते. खलबत्त्यात एक पेस्ट करायला 4 कायटिन, म्हणजे कीटकांचं कवच (किंवा केराटिन), आणि 8 दगड जातात. शंभर पेस्टसाठी 800 दगड, म्हणजे अर्धा दिवस नुसती हमाली.

त्यापेक्षा नदीकाठी, तळ्याकाठी लाकडांचा गोल ढीग शोधा. ते बीव्हर या प्राण्याचं धरण. आत तयार पेस्ट, सिलिका पर्ल्स, दुर्मीळ फुलं-मशरूम आणि ढीगभर लाकूड असतं. हात घातला की आसपासचे बीव्हर अंगावर येतात, म्हणून आधी त्यांचा बंदोबस्त करा किंवा उडता प्राणी शेजारीच तयार ठेवा.

नवखे चुकतात ते पुढे. कामाचं तेवढं उचलतात, लाकूड जड म्हणून तसंच सोडतात. धरण रिकामं झालं नाही तर ते तिथेच राहतं आणि नवीन बनत नाही. सगळं काढा, नको ते लाकूड जमिनीवर फेका. धरण नाहीसं झालं म्हणजे काम झालं.

दलदल जवळ असेल तर बेल्झेबुफो, म्हणजे तो मोठा बेडूक, पाळा. खोगीर घालून त्याच्याकरवी मुंग्या-चतुर मारले की पेस्ट थेट त्याच्याच इन्व्हेंटरीत (सामानाच्या साठ्यात) जमते. मात्र दलदलीत सापही असतात, बरं का.

अकाटिना गोगलगाय बसल्याजागी पेस्ट देते, पण तिला स्वीट व्हेजिटेबल केकच लागतो; ते नखरे नंतर.