एनएफएलचे रात्रीचे सामने मोसमाच्या मध्येच का बदलतात?

एनएफएल म्हणजे अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग. तिचं वेळापत्रक मे महिन्यातच जाहीर होतं: 18 आठवडे, 272 सामने. गुरुवार, रविवार आणि सोमवारची रात्र म्हणजे प्राइम टाइम. तिथे लोकप्रिय संघ आधीच बसवलेले असतात. पण मे महिन्यात तगडा वाटलेला संघ नोव्हेंबरपर्यंत पार ढेपाळलेला असू शकतो. म्हणून रविवार रात्रीसाठी 2006 पासून ‘फ्लेक्स’ची सोय आहे: रटाळ लढत दुपारी ढकलायची, चुरशीची रात्री आणायची. 2023 पासून सोमवारलाही हे लागू झालं, फक्त किमान 12 दिवस आधी सांगावं लागतं. विमानाचं तिकीट काढून बसलेल्या चाहत्याचे यात हाल होतात, हे मला खरंच खटकतं. 18व्या आठवड्याची रविवार रात्र तर मुद्दाम मोकळी ठेवतात. प्लेऑफचं गणित पाहून तो सामना अगदी आठवडाभर आधी ठरतो.