वाचकांचे प्रश्न: टोपणनावं, तारा आणि गुप्त चौकटी

अमेरिकेच्या उत्तर आणि दक्षिण राज्यांमधल्या यादवी युद्धावर (१८६१ ते १८६५) मागच्या अंकात लेख आला, त्यावर सोलापूर आणि आसपासच्या तालुक्यांतून पत्रं आली. बहुतेकांचं कुतूहल हेरगिरीबद्दल आहे. त्यातल्या पाच पत्रांना इथे उत्तरं देत आहोत.

उत्तरेच्या गुप्त तारा दक्षिणेला कधीच वाचता आल्या नाहीत, असं लेखात होतं. ती पद्धत नववीच्या मुलांकडून वर्गात करून घेता येईल का? (शिक्षिका, जुळे सोलापूर)

नक्की येईल, बाई. फळा आणि खडू एवढ्यावर काम भागतं. ही पद्धत अ‍ॅन्सन स्टेगर या तार-अधिकाऱ्याने बसवली. तिच्यात अक्षरं बदलत नाहीत, शब्दांच्या जागा बदलतात.

समजा दक्षिणेचा सेनापती ली याच्याबद्दल निरोप असा आहे: ‘ली आज रात्री नदी ओलांडून उत्तरेला निघणार, पूल जाळणार, तोफा मागे ठेवल्या.’ आधी नेमके शब्द झाका. ली म्हणजे चादर, नदी म्हणजे हुरडा, पूल म्हणजे कंदील, तोफा म्हणजे भाकरी. मग हे बारा शब्द चार-चारच्या तीन ओळींत, एकाखाली एक लिहा:

चादर – आज – रात्री – हुरडा
ओलांडून – उत्तरेला – निघणार – कंदील
जाळणार – भाकरी – मागे – ठेवल्या

आता उभे रकाने उचला. चौथा खालून वर, पहिला वरून खाली, तिसरा खालून वर, दुसरा वरून खाली. प्रत्येक रकाना संपला की एक फालतू शब्द घाला. सगळ्यांच्या आधी खुणेचा शब्द येतो. ‘सिद्धेश्वर’ आला की तीन ओळी, चार रकाने आणि हीच वाट, असं दोन्ही टोकांना आधी ठरलेलं असतं. तार अशी जाते:

सिद्धेश्वर ठेवल्या कंदील हुरडा मामा चादर ओलांडून जाळणार पाऊस मागे निघणार रात्री लवकर आज उत्तरेला भाकरी बाजार

मुलांचे दोन गट पाडा. एका गटाला खूण सांगा, दुसऱ्याला सांगू नका. आणखी एक करा: मधला एखादा शब्द मुद्दाम गाळून तार द्या. रकाने सरकतात, पण शब्द अख्खे असल्यामुळे हुशार मुलगा ते पुन्हा जुळवतो. या पद्धतीचं खरं बळ इथे आहे. दक्षिणेची पद्धत किल्लीच्या शब्दानुसार एकेक अक्षर पुढे सरकवण्याची होती. कागदावर ती जास्त अवघड दिसते, पण तारेत एक अक्षर गळालं की तिथून पुढचं सगळं कडबोळं व्हायचं. शिवाय त्यांचे कारकून निम्मा मजकूर उघडा ठेवायचे आणि शब्दांमधल्या मोकळ्या जागाही तशाच सोडायचे. त्यांच्या तीन किल्ल्या प्रसिद्ध आहेत: ‘मँचेस्टर ब्लफ’, ‘कम्प्लीट व्हिक्टरी’ आणि ‘कम रेट्रिब्युशन’. इंग्रजीत तिन्ही नेमक्या पंधरा अक्षरांच्या! वॉशिंग्टनच्या तारघरातले बेट्स, टिंकर आणि चँडलर हे तरुण अशा तारा उलगडत.

उत्तरेची शिस्त मात्र कडक होती. खुणांची वही तारवाल्याकडे असायची, सेनापतीकडे नाही. १८६४च्या सुरुवातीला उत्तरेचा सेनापती ग्रँट याने आपल्या तारवाल्याला, बेकविथला, ती एका अधिकाऱ्याला द्यायला लावली, तर वरून बेकविथलाच नोकरीतून काढलं. ग्रँटने दोष स्वतःवर घेतला तेव्हा तो परत आला.

घड्याळात लपवलेली चौकट म्हणजे काय? (महाविद्यालयीन विद्यार्थिनी, बार्शी)

ही एलिझाबेथ व्हॅन ल्यू यांची, गुप्त निरोप आकड्यांत लिहायची चौकट. दक्षिणेची राजधानी रिचमंड, तिथल्या सधन घरातल्या या बाई, आणि मन उत्तरेकडे. लिबी तुरुंगातल्या उत्तरेच्या कैद्यांना मदत करता करता त्यांनी गावात माणसांचं जाळं विणलं. निरोप टप्प्याटप्प्याने, घरातल्या आणि शेतावरच्या माणसांच्या हातून लष्करापर्यंत पोचत. त्यात कृष्णवर्णीय नोकरांचा वाटा फार मोठा होता, आणि पकडले गेले असते तर सगळ्यात कठोर शिक्षा त्यांनाच झाली असती, हे विसरू नये.

चौकट सहा बाय सहाची. छत्तीस घरांत इंग्रजीची सव्वीस अक्षरं आणि दहा अंक. ओळीचा आकडा आणि रकान्याचा आकडा मिळून एक अक्षर. आपल्याला तर ती जणू मापाने शिवली आहे: क ते ज्ञ बरोबर छत्तीस. काना-मात्रा सोडून ओळीने भरा. पहिल्या ओळीत क ते च, दुसरीत छ ते ठ, तिसरीत ड ते द, चौथीत ध ते भ, पाचवीत म ते श, सहावीत ष ते ज्ञ (ळ हा ह आणि क्ष यांच्या मध्ये). ‘पहाट’ म्हणजे प, ह, ट, म्हणजेच ४३ ६३ २५. कडेचे आकडे १ ते ६ असे सरळ न लिहिता उलटसुलट लिहा, व्हॅन ल्यू यांचे तसेच होते. दोष एकच, पण मोठा: त्याच अक्षराला दर वेळी तोच आकडा येतो. लांब पत्र लिहिलं की र आणि त लगेच उघडे पडतात. म्हणून निरोप चार-सहा शब्दांपुरताच ठेवायचा.

१९०० साली बाई वारल्या, तेव्हा हा कागद त्यांच्या घड्याळाच्या डबीत सापडला.

शत्रूचं बळ मोजताना पिंकर्टन इतका कसा चुकला? (माजी सैनिक, मोहोळ)

आपल्याला हे लगेच पटेल: उत्तरेचा सेनापती मॅक्लेलन याच्यासाठी हेरखातं चालवणारा पिंकर्टन हजेरीपटावरची माणसं मोजत होता, रणात उभी असलेली नव्हे. कागदावर पलटण म्हणजे दहा कंपन्या, सुमारे हजार माणूस. आजारपण, रजा आणि लढाया यांतून मैदानात कित्येकदा तीन-चारशेच उरत. त्यात पिंकर्टन सावधगिरी म्हणून आकडा मुद्दाम फुगवायचा आणि मॅक्लेलनला तो फुगलेलाच हवा असायचा. १८६२च्या उन्हाळ्यात रिचमंडपुढे शत्रू दोन लाख धरला गेला. प्रत्यक्षात तो लाखाच्या आत होता. या भीतीपायी चालून जायची वेळ निघून गेली.

१८६३ मध्ये उत्तरेच्याच कर्नल जॉर्ज शार्पच्या कचेरीने हे काम खतावणीसारखं केलं. प्रत्येक कैद्याला आणि पळून आलेल्याला तेच प्रश्न: तुझी पलटण कोणती, ब्रिगेड कोणती, वरचा अधिकारी कोण, शेवटचा मुक्काम कुठे? ‘तुमचं सैन्य किती?’ हे विचारून उपयोग नसतो, शिपायाला ते माहीतच नसतं. उत्तरं पलटणवार नोंदायची, दुसऱ्या कैद्याशी, वर्तमानपत्रातल्या नावांशी आणि स्वारांच्या बातमीशी ताडून पाहायची. गेटिसबर्गच्या लढाईत २ जुलैच्या संध्याकाळी या वहीवरून कळलं की पिकेटची डिव्हिजन सोडून लीच्या प्रत्येक ब्रिगेडचे कैदी हाती आले आहेत. म्हणजे लीकडे ताज्या दमाचं तेवढंच उरलं होतं. दुसऱ्या दिवशी तीच पुढे आली.

वेष पालटलेल्या शिपायाला युद्धकैदी मानत की हेर? (वकील, अक्कलकोट)

हेर. २४ एप्रिल १८६३च्या उत्तरेच्या सर्वसाधारण आदेश क्रमांक १०० मध्ये हे स्वच्छ आहे. कलम ८३: शत्रूच्या गणवेशात किंवा मुलखी पोशाखात टेहळणी करताना सापडलेला शिपाई हेर समजावा. कलम ८८: शिक्षा फाशी, माहिती पोचली असो वा नसो. कलम १०४ मात्र आपल्याला रोचक वाटेल: हेर एकदा आपल्या सैन्यात सुखरूप परतला आणि पुढे उघडपणे पकडला गेला, तर जुन्या हेरगिरीची शिक्षा त्याला देता येत नाही.

बहुतेक हेर ओळखीच्या चेहऱ्यांमुळे गेले. पिंकर्टनचा उत्तम हेर टिमथी वेब्स्टर रिचमंडमध्ये संधिवाताने अंथरुणाला खिळला. त्याची खबर काढायला जी दोन माणसं पाठवली, त्यांनी याआधी वॉशिंग्टनमध्ये दक्षिणेकडच्या एका कुटुंबाच्या घराची झडती घेतली होती. ते कुटुंब आता रिचमंडमध्येच होतं. दोघे ओळखले गेले, त्यांच्याकडून वेब्स्टरचं नाव फुटलं आणि २९ एप्रिल १८६२ रोजी त्याला फाशी झाली. ही चूक पाठवणाऱ्याची होती, आणि ती अक्षम्य होती.

त्या लढाईने आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला, असं घरात पिढ्यान्‌पिढ्या ऐकलं. त्या व्यापारामागेही हेर होते का? (सूत-व्यापारी, चाटी गल्ली)

भावाची गोष्ट खरी आहे. १८६१च्या एप्रिलपासून उत्तरेने दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी केली, इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या गिरण्या उपाशी पडल्या आणि मुंबईतून जाणाऱ्या गाठींचा भाव चढला. रेल्वे सोलापूरला १८६० मध्येच आली होती. जुनी मिल १८७७ची, म्हणजे तेव्हा माल इथे कातला न जाता मुंबईकडे जायचा. एप्रिल १८६५ मध्ये लीने शस्त्रं ठेवली, भाव कोसळला आणि मुंबईच्या पेढ्या बुडाल्या.

हेर होते ते कापसाच्या दुसऱ्या टोकाला, लिव्हरपूलमध्ये. ब्रिटिश कायद्याने परक्यांच्या युद्धासाठी जहाज सशस्त्र करायला बंदी होती. दक्षिणेचा हस्तक जेम्स बुलक याने वाट काढली: गोदीत नुसतं ‘२९०’ या क्रमांकाचं बिनतोफांचं जहाज बांधून घ्यायचं, नाव ‘एन्रिका’. तिथला अमेरिकेचा वाणिज्यदूत टॉमस डडली याने गुप्तहेर लावले, खलाशांची प्रतिज्ञापत्रं जमवली, पण सरकारी कागद हलायला वेळ लागला. २९ जुलै १८६२ रोजी पाहुण्यांना घेऊन चाचणीची सहल म्हणून जहाज निघालं. पाहुणे छोट्या बोटीतून परत आले, जहाज आलं नाही. अझोर्स बेटांपाशी दुसऱ्या गलबताने तोफा आणि कोळसा चढवला आणि ‘एन्रिका’ची ‘अलाबामा’ झाली. तिने साठांहून अधिक जहाजं पकडली. जानेवारी १८६४ मध्ये ती आपल्या मलबार किनाऱ्यावर, अंजेंगोलाही कैदी उतरवून गेली. त्याच वर्षी १९ जूनला फ्रान्सच्या शेरबुर्गपाशी ती बुडाली. १८७२ मध्ये जिनिव्हाच्या लवादाने ब्रिटनला १ कोटी ५५ लाख डॉलर भरायला लावले. डडलीने वेळेवर दिलेली आणि वेळेवर न वाचलेली ती प्रतिज्ञापत्रं तिथे पुराव्यात होती.