घरात कोणी कलावंत नसेल, तर मुलीला चित्रकलेसाठी घरातून काय मिळणार?

आपले शिंपीकामाचे दुकान आहे, घराण्यात कोणी चित्रकार झालेला नाही, नऊ वर्षांची मुलगी मात्र सारखी चित्रे काढत असते. तर अशा घरातून तिला काय मिळणार, असे आपण विचारले आहे. मी इंदूरमध्ये मुलांना चित्रकला शिकवतो. घरात कलावंत असण्यापेक्षा, हाताने मन लावून काम करणारे आणि मुलाला शेजारी बसू देणारे माणूस असणे मला अधिक मोलाचे वाटते.

चित्रकार मकबूल फिदा हुसेन यांचा जन्म पंढरपूरचा, पण ते वाढले आमच्या इंदुरात. ते तान्हे असतानाच आई गेली. आजोबा पत्र्याचे दिवे, कंदील करीत आणि दुरुस्त करीत. नातवाला त्यांचा फार लळा होता. पुढे हुसेन यांच्या चित्रांत कंदील पुन्हा पुन्हा आला. मदर तेरेसांवरच्या चित्रांत निळ्या काठाची पांढरी साडी दिसते, चेहरा मात्र नसतो, आणि आईचा चेहरा न आठवणारे मूल मला तिथे स्पष्ट जाणवते. वडील गिरणीत नोकरीला होते. देवळालीकर मास्तरांनी 1927 मध्ये इथे सुरू केलेल्या चित्रशाळेत शिकलेले चित्रकार ना. श्री. बेंद्रे यांनी घरी येऊन समजावले, तेव्हा त्या वडिलांनी मुलाला या वाटेने जाऊ दिले. बेंद्र्यांइतकेच श्रेय मी वडिलांना देतो.

माझी आजी चैत्रात अंगणाचा तुकडा गेरूने सारवून चैत्रांगण काढीत असे. चिमटीतली रांगोळी एकसारखी सुटावी म्हणून ती श्वास रोखून धरी, आणि रेघ पुरी झाली की मगच सोडी. कासव काढायचे काम माझे. त्याचा एक पाय नेहमी वाकडा येई, पण तिने तो कधी पुसला नाही; शेजारी गोपद्मे काढून ती पुढे जाई. आजही रेघ ओढताना माझा श्वास आपोआप थांबतो.

म्हणून क्लास अवश्य लावा, पण दुकानात कापड बेतायला घ्याल तेव्हा तिलाही टेबलापाशी उभे करा. मुंढ्याची, म्हणजे बाही जोडतात त्या जागेची, गोलाई खडूने एका दमात कशी येते, हे तिने आपल्या हातून पाहावे, आणि उरलेल्या तुकड्यावर तीच गोलाई तिला स्वतः ओढू द्यावी. वाकडी आली तरी राहू द्यावी.