‘गनपावडर’ पाहताना : वाचकांचे प्रश्न

बीबीसीची ‘गनपावडर’ ही तीन भागांची मालिका ऑक्टोबर २०१७ मध्ये दाखवली गेली. विषय आहे इंग्लंडमधला १६०५ चा दारूकट, म्हणजे बंदुकीच्या दारूचा कट. संसदेच्या उद्घाटनाच्या दिवशी, म्हणजे ५ नोव्हेंबरला, राजा पहिला जेम्स आणि जमलेले सगळे उमराव यांना सभागृहासकट उडवून द्यायचा घाट काही कॅथलिक मंडळींनी घातला होता. मालिका पाहून आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न इथे घेतले आहेत.

प्रश्न : कट म्हटलं की नाव येतं ते गाय फॉक्सचं. मालिकेत मात्र सगळा भर रॉबर्ट केट्सबीवर आहे. नाट्यासाठी केलेला हा बदल आहे का?

नाही. इथे मालिकाच बरोबर आहे. कट केट्सबीचा. २० मे १६०४ रोजी लंडनच्या स्ट्रँड भागातल्या ‘डक अँड ड्रेक’ या खानावळीत पाच जण भेटले : केट्सबी, टॉमस विंटर, जॉन राइट, टॉमस पर्सी आणि फॉक्स. पुढे ही संख्या तेरावर गेली. फॉक्सला घेतलं ते त्याच्या कामासाठी. तो स्पेनच्या बाजूने फ्लँडर्समध्ये (आजच्या बेल्जियमच्या भागात) लढलेला होता आणि लंडनमध्ये त्याचा चेहरा कोणाच्या ओळखीचा नव्हता. संसदेखाली दारूच्या पिंपांजवळ सापडला तो फॉक्स, म्हणून नाव राहिलं ते त्याचं.

केट्सबीच्या घराला सरकारी दंड आणि तुरुंग नवा नव्हता. वडिलांवर धर्मगुरूला आसरा दिल्याबद्दल कारवाई झाली होती. तो स्वतः १६०१ मध्ये राणी एलिझाबेथविरुद्धच्या अर्ल ऑफ एसेक्सच्या बंडात सापडला, तेव्हा ४,००० मार्क (मार्क म्हणजे पौंडाचे दोन तृतीयांश) दंड बसला आणि तो भरण्यासाठी मालमत्ता विकावी लागली. जाता जाता : केट्सबीची भूमिका करणारा किट हॅरिंग्टन आईकडून त्याच घराण्यातला आहे आणि त्याच्या पूर्ण नावातही ‘केट्सबी’ आहे.

प्रश्न : नुसतं चर्चला गेलं नाही म्हणून एवढा जाच खरंच होत होता का?

होत होता, आणि कायद्याने होत होता. १५५९ च्या कायद्यात सरकारमान्य (प्रोटेस्टंट) चर्चमधल्या एका गैरहजेरीला १२ पेन्स दंड होता. १५८१ मध्ये तो महिन्याला २० पौंडांवर गेला आणि हा महिना २८ दिवसांचा धरला जाई. बड्या जमीनदाराचंही त्यात कंबरडं मोडे. १५८५ पासून तर परदेशात दीक्षा घेतलेला कॅथलिक धर्मगुरू देशात सापडणं हाच राजद्रोह ठरला. १६०३ मध्ये जेम्स गादीवर आला तेव्हा कॅथलिकांना सवलतीची आशा होती. फेब्रुवारी १६०४ मध्ये त्याने धर्मगुरूंना देश सोडण्याचं फर्मान काढलं. वर सांगितलेली खानावळीतली बैठक त्यानंतर तीनच महिन्यांनी झाली.

प्रश्न : पहिल्या भागात वजनाखाली चिरडून मारलेली बाई खरी होती का? तो प्रसंग पाहवत नाही.

डोरोथी डिबडेल हे पात्र कल्पित आहे, शिक्षा मात्र खरी. आरोपीने ‘गुन्हा कबूल’ किंवा ‘नाकबूल’ यांपैकी काहीच म्हटलं नाही तर खटला उभाच राहत नसे. मग तोंड उघडेपर्यंत छातीवर वजन वाढवत नेत. इंग्लंडमध्ये ही पद्धत १७७२ मध्ये रद्द झाली.

मालिकेतल्या प्रसंगामागे मार्गारेट क्लिदरो दिसते. ती यॉर्कच्या एका खाटकाची बायको. धर्मगुरू लपवल्याचा आरोप होता. खटला चालला असता तर तिच्या मुलांनाच साक्षीला उभं केलं असतं, म्हणून ती बोललीच नाही. २५ मार्च १५८६ रोजी पाठीखाली टोकदार दगड, अंगावर दार आणि दारावर सात-आठ हंड्रेडवेट, म्हणजे सुमारे ३५५ ते ४०५ किलो वजन, असं करून तिला मारलं. पाव तासात प्राण गेला. मालिकेतला काळ याच्या बराच नंतरचा आहे. तेवढं लक्षात ठेवलं तर हा प्रसंग दिशाभूल करणारा वाटत नाही. उलट, माणसं कटापर्यंत का पोहोचली ते त्याशिवाय कळलं नसतं.

प्रश्न : ३६ पिंपं दारूने खरोखर काय झालं असतं? दारू खराब झाली होती असंही वाचलं आहे.

दोन्ही गोष्टींत तथ्य आहे. बंदुकीची दारू म्हणजे सोरा, कोळसा आणि गंधक. पुढे रूढ झालेलं प्रमाण साधारण ७५ : १५ : १० असं आहे. नुसती भुकटी मिसळलेली असेल तर हलवाहलवीत घटक वेगळे होतात. ती ओलही लवकर धरते आणि मग नीट पेटत नाही. ओलवून दाणेदार केलेली दारू जास्त टिकते, पण दमट तळघरात महिनोन्‌महिने तिचंही खरं नाही.

आता तारखा पाहा. उमराव सभागृहाच्या बरोबर खालची वखार पर्सीच्या नावाने मार्च १६०५ मध्ये भाड्याने घेतली. थेम्स नदी जवळच. उद्घाटन आधी फेब्रुवारीत व्हायचं होतं. प्लेगच्या भीतीने ते ३ ऑक्टोबरवर आणि तिथून ५ नोव्हेंबरवर गेलं. तोवर दारू तिथेच पडून. विंटरच्या कबुलीजबाबातच आहे की आधीच्या मालाला ओल लागल्याचा संशय आला म्हणून नवा माल आणला. अटकेनंतर ती टॉवरच्या (टॉवर ऑफ लंडन या किल्ल्याच्या) कोठारात जमा झाली तेव्हा तिची नोंद ‘खराब’ अशीच झाली.

पिंपं एकाच मापाची नव्हती, म्हणून एकूण वजनाचे आकडे एक टनापासून अडीच टनांपर्यंत दिलेले आढळतात. फॉक्सने पिंपांवर लोखंडी कांबी आणि दगड ठेवले होते, वर लाकूडफाटा आणि कोळसा. सरपण नजर चुकवायला होतं. कांबी आणि दगड धक्का वाढवायला. दारू कोंडलेली असेल तरच दाब साचून स्फोट होतो. २००५ मध्ये ब्रिटनच्या आयटीव्ही वाहिनीने सभागृहाची काँक्रीटची प्रतिकृती बांधून एक टन दारू उडवून पाहिली. आत असलेलं कोणीही वाचलं नसतं, असा निष्कर्ष निघाला. पण ती दारू ताजी होती, हे विसरू नये.

कोंडलेली आणि उघडी दारू यांतला फरक कटवाल्यांनी स्वतःच भोगला. पळताना पावसात भिजलेली दारू त्यांनी स्टॅफर्डशरमधल्या होल्बीच हाउसमध्ये शेकोटीपुढे वाळत घातली आणि तीवर ठिणगी उडाली. पसरलेली असल्यामुळे ती फुटली नाही, भडकली. केट्सबी भाजला, जॉन ग्रँटचे डोळे गेले. ८ नोव्हेंबरला शेरिफच्या माणसांनी घराला वेढा घातला आणि केट्सबी व पर्सी गोळीने मारले गेले.

प्रश्न : मंत्री रॉबर्ट सेसिलनेच हा कट रचवून घेतला, असा आरोप वाचला. खरं काय?

कट सेसिलने उभा केला याला पुरावा नाही. त्याने वेळ साधली, हे मात्र तारखांवरून दिसतं. २६ ऑक्टोबरच्या रात्री हॉक्स्टनमध्ये लॉर्ड मॉन्टीगलला निनावी पत्र मिळालं : संसदेला जाऊ नका, तिथे मोठा घाव बसणार आहे आणि तो कोण घालतंय तेही दिसणार नाही. मॉन्टीगलने ते चाकराकडून जेवणाच्या टेबलावर मोठ्याने वाचून घेतलं आणि त्याच रात्री सेसिलकडे नेलं. राजा शिकारीला गेला होता. त्याला पत्र दिसलं १ नोव्हेंबरला. पहिली झडती ४ तारखेला झाली. तेव्हा सरपणाचा ढीग पर्सीच्या घराच्या मानाने फारच मोठा वाटला. मध्यरात्रीच्या सुमारास दुसरी झडती झाली आणि ‘जॉन जॉन्सन’ पकडला गेला. तोच फॉक्स. जवळ जामगी (दारू पेटवायची वात) आणि घड्याळ होतं.

पत्र कोणी लिहिलं ते आजवर सिद्ध झालेलं नाही. पहिला संशय फ्रान्सिस ट्रेशमवर जातो, कारण त्याची बहीण मॉन्टीगलची बायको होती. केट्सबीलाही तोच संशय आला होता. चाकराकडून कटवाल्यांना पत्राचा सुगावा लागला होता, तरी ते थांबले नाहीत. आमच्या मते सगळ्या प्रकरणातली सर्वांत विचार करायला लावणारी गोष्ट हीच.

प्रश्न : कटवाले संसदेखाली भुयार खणत होते ना?

भुयाराचा उल्लेख फक्त कबुलीजबाबांत आहे. जागेवर खूण सापडल्याची नोंद नाही. वर सांगितलेल्या वखारीत सरळ दारातून पिंपं नेता येत असताना त्याची गरजही उरली नव्हती.

प्रश्न : भिंतीत लपलेले धर्मगुरू दाखवले आहेत. इतक्या झडत्यांतून ते सुटत कसे?

निकोलस ओवेन या सुताराच्या हातामुळे. तो रात्री आणि एकट्याने काम करी, आणि एक जागा दुसरीसारखी कधीच करत नसे. एक सापडली म्हणून बाकीच्यांचा अंदाज येऊ नये, हा हेतू. झडती घेणारेही कच्चे नव्हते. भिंत आतून आणि बाहेरून मोजायची, फरक निघाला की फळ्या ठोकून पोकळ आवाज ऐकायचा, आणि शेवटी घरात तळ ठोकून बसायचं.

वूस्टरशरमधल्या हिंडलिप हॉलमध्ये जानेवारी १६०६ मध्ये हेच झालं. शंभरेक माणसं घरात घुसली. ओवेन आणि त्याचा सोबती चौथ्या दिवशी बाहेर आले. दोघांत मिळून एक सफरचंद होतं. इंग्लंडमधल्या जेझुइटांचा (कॅथलिक धर्मगुरूंच्या एका संघाचा) प्रमुख हेन्री गार्नेट आणि त्याचा सहकारी आठ दिवस टिकले. शेजारच्या खोलीतून भिंतीत घातलेल्या नळीने त्यांना पातळ पेज मिळत होती, तेव्हा भुकेने ते हरले नाहीत. शौचाची सोय नव्हती आणि हवा असह्य झाली, म्हणून बाहेर यावं लागलं. ती सोय असती तर तीन महिने काढले असते, असं गार्नेटने नंतर लिहिलं. ओवेन टॉवरमध्ये छळात मेला, पण त्याने एकही जागा सांगितली नाही. गार्नेटला ३ मे १६०६ रोजी फाशी दिलं.

प्रश्न : मूळ कागद कुठे आहेत? ते विश्वासार्ह आहेत का?

लंडनमधल्या क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात ‘गनपावडर प्लॉट बुक’ नावाने बांधलेले कबुलीजबाब आहेत. वाचताना प्रत्येकाची तारीख ६ नोव्हेंबरच्या आधीची की नंतरची ते आधी पाहा. त्या दिवशी राजाने छळाची लेखी परवानगी दिली : आधी सौम्य, मग चढत्या क्रमाने. ९ नोव्हेंबरच्या कबुलीवर फॉक्सची सही ‘गिडो’ (‘गाय’चं इटालियन रूप) एवढीच आहे, अक्षरं तुटक आणि थरथरती. त्यानंतरचं प्रत्येक विधान दुसऱ्या पुराव्याशी जुळवूनच घ्यावं.

प्रश्न : कटवाल्यांच्या खटल्याचं वर्ष कुठे १६०५, कुठे १६०६ का दिसतं?

तेव्हा इंग्लंडमध्ये कायद्याचं नवं वर्ष २५ मार्चला लागे. त्यामुळे जानेवारीतला खटला त्या काळच्या कागदांत १६०५ मध्येच पडतो. १ जानेवारी ते २४ मार्च या काळातली तारीख असेल तर वर्षात एक मिळवा. शिवाय तिथे जुनं ज्युलियन पंचांग चालू होतं, ते युरोपातल्या नव्या पंचांगापेक्षा दहा दिवस मागे. स्पेनच्या राजदूताच्या पत्राशी तारीख जुळवायची असेल तर इंग्लिश तारखेत दहा दिवस मिळवा : लंडनची ५ नोव्हेंबर म्हणजे माद्रिदची १५ नोव्हेंबर.